बोटीनंतर काय झालं?

*प्रिय मावशी,*

*मी २६ वर्षांची आहे. पूर्व विदर्भात, वडशाजवळच्या गावात राहते. आमचं झाडीपट्टीतलं नाटक मंडळ आहे, बाबा चालवतात. दिवाळीपासून होळीपर्यंत आमचा हंगाम. मी आठ वर्षांची असल्यापासून स्टेजवर आहे आणि गेली सात वर्षं मंडळातली विनोदी पात्रं मीच करते. माझी एंट्री झाली की मी तोंड उघडायच्या आधीच लोक हसतात. पूर्वी याचा आनंद व्हायचा, आता भीती वाटते. मागच्या वर्षी बाबांनी मला रडण्याचा एक प्रसंग दिला, तर लोक त्यालाही हसले. मला मुंबईला जायचं आहे, कॅमेऱ्यासमोर काम करायचं आहे आणि विनोदी नाही, गंभीर काम करायचं आहे. बाबा म्हणतात, तू गेलीस तर मंडळ बसेल. आई काहीच बोलत नाही. मध्यंतरी एका मित्राने फोनवर ‘शेक्सपिअरवाला’ हा जुना इंग्रजी सिनेमा दाखवला. त्यातली मुलगी आईबापाची नाटक कंपनी सोडून शेवटी बोटीने निघून जाते. मी ती रात्र झोपले नाही. ती मुलगी खऱ्या आयुष्यातही नाटक कंपनीतलीच होती म्हणे. मावशी, बोटीनंतर तिचं काय झालं? आणि मी जाऊ का?*

*– झाडीतली एक*

बाळा,

जा. उत्तर आधीच देऊन टाकते, कारण ते सापडेपर्यंत तुझा जीव थाऱ्यावर राहणार नाही. जा, पण चालू हंगाम अर्धा टाकून जाऊ नकोस. आणि हसवणं वडशाला ठेवून, नुसतं रडणं पिशवीत भरून मुंबईला जाऊ नकोस. या दुसऱ्या गोष्टीसाठीच मी एवढं लांब पत्र लिहिते आहे.

आता बोटीतली मुलगी.

तिचं नाव फेलिसिटी केंडल. जन्म २५ सप्टेंबर १९४६, इंग्लंडात बर्मिंगहॅमजवळच्या ऑल्टनचा. वडील जेफ्री आणि आई लॉरा लिडेल, दोघंही नट. वडिलांचं खरं आडनाव ब्रॅग. स्टेजसाठी त्यांनी आपल्या जन्मगावाचंच नाव लावलं, केंडल. फेलिसिटी नऊ महिन्यांची असताना तिला ‘अ मिडसमर नाइट्स ड्रीम’च्या प्रयोगात कडेवर घेऊन स्टेजवर आणलं होतं. त्या नाटकात पऱ्यांचे राजा-राणी एका हिंदुस्थानी पोरावरून भांडतात. ते पोर म्हणजे ही. पुढे तिचं बालपण खरोखरच हिंदुस्थानात गेलं, हे वाचलं तेव्हा माझ्या अंगावर काटा आला होता.

जेफ्री केंडल दुसऱ्या महायुद्धात सैनिकांची करमणूक करणाऱ्या पथकाबरोबर आपल्याकडे आले आणि या देशाने त्यांना धरून ठेवलं. त्यांच्या कंपनीचं नाव ‘शेक्सपिअराना’. शाळा, कॉलेजं, छावण्या, संस्थानिकांचे वाडे, जिथे बोलावणं येईल तिथे पेट्या बांधायच्या, रेल्वेत चढायचं, उतरल्यावर संध्याकाळी शेक्सपिअर लावायचा. कधी महाराजासमोर, तर कधी बाकांवर कोंबून बसवलेल्या शाळकरी पोरांसमोर. उत्पल दत्त या कंपनीत काम करत. शशी कपूरही याच कंपनीत आले आणि थोरली मुलगी जेनिफर हिच्याशी १९५८ साली त्यांचं लग्न झालं. धाकटी फेलिसिटी गावोगावच्या कॉन्व्हेंट शाळा बदलत, पडद्याआडची कामं करत, छोटी पात्रं करत मोठी झाली. नाटकाची कुठलीही शाळा तिने केली नाही. तूही केलेली नाहीस. पण जी पोर हजार माणसांचा श्वास ऐकत वाढते, ती काय शिकते हे मला माहीत आहे. तुलाही माहीत आहे, फक्त त्याला शिक्षण म्हणायचं असतं हे तुला कुणी सांगितलेलं नाही.

तू पाहिलास तो सिनेमा १९६५ चा. दिग्दर्शक जेम्स आयव्हरी, संगीत सत्यजित राय यांचं. त्यातले आईबाप हे तिचे खरे आईबाप आहेत. हॉटेल चालवणारी बाई म्हणजे तिची सख्खी बहीण जेनिफर. आणि ज्याच्यावर तिचा जीव जडतो तो शशी कपूर तिचा भावजी. प्रयोग चालू असताना हिंदी सिनेमातली नटी येऊन बसते आणि प्रेक्षक स्टेज सोडून तिच्याकडे माना वळवतात, तो प्रसंग आठवतो ना? तुझ्या बाबांच्या पोटातली भीती तीच आहे. माणसं दुसरीकडे बघायला लागतील आणि आपण मेकअप करून तसेच उभे राहू, ही भीती. ‘मंडळ बसेल’ या तीन शब्दांच्या... नाही, दोनच शब्द आहेत, पण त्यात त्यांनी तीस वर्षांचं मरण भरलं आहे. त्यांच्यावर रागावू नकोस.

सिनेमात आईबाप मुलीला पुढे काहीतरी चांगलं मिळावं म्हणून इंग्लंडला पाठवतात. खऱ्या घरात मात्र धाकटीने कंपनी सोडू नये असंच वडिलांना वाटत होतं. तरी ती निघाली.

मग बोटीनंतर काय झालं? आधी काहीच झालं नाही. सिनेमाचं कौतुक झालं, पण लंडनमध्ये कुणी तिची वाट बघत नव्हतं. जन्माने इंग्रज असलेली ही मुलगी त्या शहराला उपरीच होती. हिंदुस्थानात आपण किती रात्री, किती गावांत, कुठकुठली पात्रं केली हे तिथे सांगून उपयोग काय? १९६६ साली बीबीसीच्या एका टीव्ही नाटकात जॉन गिलगुडसारख्या थोर नटासमोर काम मिळालं. १९६७ साली लंडनच्या रंगभूमीवर पहिलं पाऊल पडलं. नंतरची बरीच वर्षं मिळेल ते काम, थोडं नाव, पुन्हा वाट बघणं. ही वर्षं मी चार वाक्यांत सांगितली, तिला ती एकेक दिवस करून काढावी लागली. मुंबईत तुझीही जातील. बोट सुटल्यापासून घराघरांत नाव पोचेपर्यंत तिला दहा वर्षं लागली, हा आकडा लक्षात ठेव. पहिल्या सहा महिन्यांत काही झालं नाही म्हणून वडशाचं तिकीट काढशील तर मी तुझ्यावर रागावेन.

आणि ते नाव झालं कशाने? विनोदाने.

१९७४ साली नाटककार ॲलन एकबर्नची ‘द नॉर्मन कॉन्क्वेस्ट्स’ लंडनमध्ये आली. एकाच घरातला, एकाच शनिवार-रविवारचा प्रसंग तीन नाटकांत: एक जेवणाच्या खोलीत, एक बैठकीच्या खोलीत, एक बागेत. त्यात फेलिसिटी ॲनी झाली होती. ॲनी म्हणजे अंथरुणाला खिळलेल्या आईची उस्तवार करत माहेरच्या घरात अडकलेली, अंगावर कसलेही कपडे चढवून वावरणारी मुलगी. तिला दोन दिवस, फक्त दोन दिवस, बाहेर जायचं असतं. तेही जमत नाही. बघ, ही गोष्ट रडून सांगता आली असती. एकबर्नने ती हसवत सांगितली आणि हसता हसता प्रेक्षकांना ॲनीचा कोंडमारा कळला. तुझा कोंडमारा मला तुझ्या पत्रात ‘आई काहीच बोलत नाही’ या वाक्यात कळला, तसा.

त्याच नाटकात पेनेलोपी कीथ होती. पुढच्याच वर्षी, १९७५ च्या एप्रिलमध्ये, बीबीसीवर ‘द गुड लाइफ’ ही मालिका सुरू झाली आणि या दोघी तिथे शेजारणी झाल्या. लेखक जॉन एस्मंड आणि बॉब लार्बी. टॉम गुड हा चाळिशीला पोचलेला माणूस, नोकरी काय तर नाश्त्याच्या सीरिअलच्या खोक्यांत घालायची प्लास्टिकची खेळणी आखायची. एक दिवस त्याला वाटतं, पुरे. लंडनच्या सरबिटन उपनगरातल्या आपल्या घरामागच्या बागेत तो भाजीपाला लावतो, डुकरं, कोंबड्या, बकरी पाळतो, आणि नवराबायको दोघं विकत काही न घेता जगायचं ठरवतात. शेजारी मार्गो आणि जेरी, पैसेवाले, नीटनेटके, हे सगळं बघून हवालदिल. टॉमचं काम रिचर्ड ब्रायर्स करत. ते तेव्हाच मोठे नट होते आणि मालिका त्यांच्यासाठीच बेतलेली. बार्बरा गुड, म्हणजे टॉमची बायको, ही फेलिसिटी.

आता नीट वाच, कारण इथे तुझं काम आहे. कागदावर बार्बराच्या वाट्याला फार मोठे विनोद नव्हते. कल्पना टॉमच्या, फणकारे मार्गोचे. बार्बराने काय करायचं? चिखलात बूट रुतवून उभं राहायचं आणि नवऱ्याच्या वेडावर विश्वास ठेवायचा. फेलिसिटीने एवढंच केलं, पण मन लावून केलं. तिची बार्बरा मूर्ख नाही, नवऱ्यामागे फरफटत जाणारीही नाही. तिला थंडी वाजते, चांगला ड्रेस घालावासा वाटतो, कंटाळा येतो, आणि तरी दुसऱ्या दिवशी ती फावडं उचलते. प्रेक्षक तिला हसायचे ते तिच्या तोंडाकडे बघून नव्हे. तिला काय हवं आहे आणि समोर काय येऊन पडलं आहे, या दोहोंतलं अंतर बघून. स्टुडिओत खरे प्रेक्षक बसवून चित्रण व्हायचं, त्यामुळे हशा येऊ द्यायचा, किती वेळ थांबायचं, पुढचं वाक्य कधी सोडायचं हा सगळा हिशेब जिवंत होता. हा हिशेब तिने लंडनमध्ये शिकलेला नव्हता, आपल्याकडच्या शाळांच्या सभागृहांत शिकलेला होता.

या मालिकेच्या शेवटच्या नेहमीच्या भागात, १९७७ साली, गुड जोडपं रात्री घरी येतं आणि बघतं तर कुणीतरी घरात शिरून सगळ्याची नासधूस केलेली. दोन वर्षं ज्या खोलीत लोक हसत होते ती खोली अचानक गप्प. एका हसऱ्या मालिकेने आपल्या प्रेक्षकांना असं थिजवून ठेवणं मला फार मोठं वाटतं. आणि ते साधलं कारण त्या माणसांवर प्रेक्षकांचा जीव जडला होता, हसता हसताच जडला होता. जून १९७८ मध्ये मालिकेचा एक खास भाग राणी एलिझाबेथच्या उपस्थितीत चित्रित झाला, तो शेवटचा.

तुझ्या रडण्याच्या प्रसंगाला लोक हसले म्हणतेस. मी बावीस वर्षं दौऱ्यांवर मोलकरणीची, खाष्ट मावशीची, बहिऱ्या आजीची कामं केली, त्यामुळे हे दुखणं मला आतून माहीत आहे. एका नाटकात शेवटच्या अंकात मला लेकाचं पत्र वाचायचं होतं. पहिल्या पाचही प्रयोगांना हशा. मी विंगेत जाऊन रडले, तेव्हा आमच्या कंपनीतले एक म्हातारे नट म्हणाले, तू पत्र वाचत नाहीस, तू आता आम्हाला रडवणार आहेस अशी दवंडी पिटतेस. आवाज बदलतेस, मान पाडतेस, लोकांना वाटतं ही नवी नक्कल. दुसऱ्या दिवशी मी आवाज बदलला नाही. रोजच्याच मोलकरणीसारखी, चष्मा पुसत, अक्षर लावत पत्र वाचलं. हशा आला. मी अडले नाही, लोकांवर चिडले नाही, पुढची ओळ लावत राहिले. तिसऱ्या ओळीला हशा थांबला. पुढे काय झालं ते तुला सांगायला नको.

तेव्हा पुढच्या प्रयोगाला एवढंच कर: दुःखाच्या प्रसंगात तुझ्या विनोदी बाईला बाहेर काढू नकोस. तीच राहू दे, तिची चाल, तिची बोली, सगळं तेच. तिला फक्त काहीतरी खरोखर हवं असू दे आणि ते मिळत नसू दे. लोक आधी हसतील. हसू दे.

‘गुड लाइफ’नंतर फेलिसिटीलाही तुझ्यासारखाच जाच झाला. देशाला ती बार्बराच हवी होती. १९८१ साली तिला वर्षातल्या सर्वांत छान पार्श्वभागाचा किताब देण्यात आला. असलं काही तिकडे खरोखर दरवर्षी दिलं जायचं, आणि मला आजही ते वाचून संताप येतो. कारण त्याच सुमारास ही बाई लंडनच्या नॅशनल थिएटरात काय करत होती बघ: १९७९ मध्ये ‘अमॅडियस’च्या पहिल्यावहिल्या निर्मितीत मोझार्टची बायको कॉन्स्टान्झे, १९८० मध्ये पॉल स्कोफिल्डच्या ऑथेल्लोसमोर डेस्डेमोना. ऐंशीच्या दशकात ‘द मिस्ट्रेस’ नावाच्या मालिकेत तिने लग्न झालेल्या पुरुषाची प्रेयसी केली, तेव्हा आमच्या गोड बार्बराने हे काय आरंभलं म्हणून कितीतरी प्रेक्षक नाराज झाले. तिने दोन्ही चालू ठेवलं. टीव्हीवर हसवत राहिली आणि नाटकात स्वतःला हवं ते करत राहिली. टीव्हीचा तिरस्कार केला नाही, आणि फक्त टीव्हीलाही धरून बसली नाही.

नाटककार टॉम स्टॉपर्डने तिला ओळखलं, असं मी म्हणेन. ‘ऑन द रॅझल’ (१९८१), ‘द रिअल थिंग’ (१९८२), ‘हॅपगुड’ (१९८८), ‘आर्केडिया’ (१९९३), ‘इंडियन इंक’ (१९९५), ही सगळी नाटकं पहिल्यांदा लंडनमध्ये उभी राहिली तेव्हा त्यांत फेलिसिटी होती. स्टॉपर्डची वाक्यं बुद्धीची असतात, भराभर येतात, आणि बोलणाऱ्याला हशाची वेळ कळली नाही तर ती नुसती हुशारी होऊन पडतात. ‘आर्केडिया’त ती हॅना जार्विस होती, संशोधक, माणसांना जवळ येऊ न देणारी. चिखलातली बार्बरा आणि पुस्तकांतली हॅना यांच्यात मला फार अंतर दिसत नाही. दोघींचाही कशावर तरी विश्वास आहे आणि दोघी आजूबाजूच्यांपेक्षा जास्त बघतात. पुढे २००३ मध्ये तिने बेकेटच्या ‘हॅपी डेज’मधली विनी केली. विनी आधी कमरेपर्यंत आणि नंतर गळ्यापर्यंत मातीत गाडलेली असते, आणि तरी आज किती छान दिवस आहे म्हणत पर्समधल्या वस्तू काढत राहते. ही भूमिका ज्या बाईला हसवता येत नाही तिने करूच नये.

म्हणून तुझ्या पत्रातलं एक वाक्य मला खोडायचं आहे: ‘विनोदी नाही, गंभीर काम’. ‘नाही’ हा शब्द काढ. मुंबईत ऑडिशनला जाशील तिथे तुझ्यासारख्या पन्नास मुली सुंदर रडणाऱ्या असतील. दहा हजार लोकांना भर थंडीत पहाटे चारपर्यंत जागं ठेवणारी त्यांच्यात कोण आहे? तुझ्याच भागातल्या परशुराम खुण्यांना २०२३ साली पद्मश्री मिळाली, ती झाडीपट्टीच्या रंगभूमीवर आयुष्य घालवल्याबद्दल. तुझ्या रंगभूमीचं मोल आता तुलाही कळू दे.

फेलिसिटी गेली त्याने वडिलांचं काय झालं, हे तू विचारलं नाहीस, पण झोप त्यानेच उडाली असणार. तर ऐक. जेफ्री केंडलच्या दोन्ही मुली त्यांच्या कंपनीतून गेल्या, थोरली लग्न होऊन आणि धाकटी इंग्लंडला. १९७८ च्या जूनमध्ये धाकटी राणीसमोर काम करत होती. त्याच वर्षी ५ नोव्हेंबरला थोरलीने आणि शशी कपूरने मुंबईत जुहूला पृथ्वी थिएटर सुरू केलं. जेमतेम दोनशे माणसं मावतील एवढं, प्रेक्षक तीन बाजूंनी स्टेजला भिडलेले. पेट्या बांधून गावोगाव फिरणाऱ्या बापाच्या मुलीने नाटकाला कायमचं घर बांधलं. तिथे आज मराठी, हिंदी, इंग्रजी सगळी नाटकं होतात, आणि मुंबईत पाय ठेवलास की पहिल्या रविवारी तू तिथे जायचं आहेस. जेनिफर १९८४ साली कॅन्सरने गेली, अवघी पन्नाशीची.

जेफ्री शेवटी आजारी होऊन लंडनमध्ये पडून होते, बोलू शकत नव्हते. फेलिसिटी त्यांच्या उशाशी जाऊन बसायची. ‘व्हाइट कार्गो’ हे तिचं आत्मचरित्र याच बसण्याभोवती विणलेलं आहे: समोर न बोलणारा बाप, आणि मनात रेल्वेगाड्या, पेट्या, ट्रंका, छावण्या. ते १९९८ मध्ये प्रसिद्ध झालं, त्याच वर्षी जेफ्री गेले. कंपनी सोडून गेलेल्या मुलीनेच कंपनीची गोष्ट लिहून ठेवली.

आता तुझ्या कामाचं बोलू.

बाबांशी होळीनंतर बोल, पुढच्या हंगामाच्या सुपाऱ्या घ्यायच्या आधी. ‘मी जाणार’ एवढंच सांगून उठू नकोस, तुझ्या जागी कोण, याचं उत्तर घेऊन बस. मंडळात चुलतबहीण असेल, कोरसमधली एखादी चुणचुणीत पोर असेल, तिला आजपासून तयार कर. तुझ्या विनोदातला अर्धा भाग संहितेत नसणार, तू रात्रीरात्रीत घातलेला असणार. तो वहीत लिहून काढ. कुठे थांबतेस, कुठल्या शब्दावर पदर झटकतेस, सगळं. बाबांना भावनेचं उत्तर नको आहे, त्यांना दिवाळीनंतरच्या मंडईच्या जत्रेत नाटक उभं राहील की नाही ते हवं आहे. आणि कबूल कर की मुंबईत हातात काम नसेल त्या वर्षी हंगामात ठरावीक रात्री येऊन काम करीन. मुंबईचे नट पाहुणे म्हणून तुमच्याकडे येतात, तर तू का नाही?

आईला वेगळं भेट. जेवणं झाल्यावर, भांडी घासताना. ती बोलत नाही याचा अर्थ तिला काही म्हणायचं नाही असा घेऊ नकोस.

मुंबईला निघताना सहा महिन्यांचं भाडं आणि खाणं एवढे पैसे साठवून नीघ, उधारीवर नको. वर्सोव्याच्या आरामनगरमध्ये ऑडिशनं चालतात. तिथे कुणी ‘नाव नोंदवायचे’ पैसे मागितले तर उठून यायचं. फोनवर दोन छोटी चित्रणं करून ठेव: एक हसवणारं, झाडीबोलीत, आणि एक शांत, तेही झाडीबोलीतच. बोली लपवू नकोस. शहरी मराठी येतं हे दाखवायला तिसरं वेगळं कर. तुझा आवाज मोकळ्या मैदानात शेवटच्या माणसापर्यंत पोचायची सवय असलेला आहे, कॅमेऱ्याला तेवढा लागत नाही. त्यामुळे घरीच वाक्यं कुजबुजत म्हणायचा सराव कर, चेहरा मात्र मोकळा ठेव. शिकायचंच असेल तर कलिन्याला मुंबई विद्यापीठाची नाट्य अकादमी आहे, पुण्याला ललित कला केंद्र आहे. प्रवेशाचे नियम जाऊन विचार. आणि दादरच्या शिवाजी मंदिरला एखाद्या कंपनीत छोटं काम मिळालं तर भूमिका किती वाक्यांची आहे हे मोजू नकोस. ॲनी आणि बार्बराही कुणाच्या तरी शेजारी उभ्या असलेल्या बायका होत्या.

२०१५ च्या उन्हाळ्यात लेकीकडे लंडनला गेले होते, तेव्हा फेलिसिटी केंडलला मी प्रत्यक्ष पाहिलं. ड्यूक ऑफ यॉर्क्स थिएटरात ‘हे फीवर’ लागलं होतं, नोएल कॉवर्डचं. ती त्यात निवृत्त झालेली नटी होती, जिला घरातसुद्धा अभिनय थांबवता येत नाही. अडुसष्ट वर्षांची, लहान चणीची, तो प्रसिद्ध किंचित घोगरा आवाज. तिने काय केलं हे मी सांगू शकणार नाही, पण हशा यायच्या आधी ती जे अर्धा क्षण थांबायची, ते थांबणं मी ओळखलं. ते दौऱ्यावरच्या नटाचं थांबणं असतं. माझ्या शेजारी लेक हसत होती आणि माझे डोळे भरून आले होते.

त्यानंतर २०२२-२३ मध्ये तिने ‘नॉइजेस ऑफ’ केलं, म्हणजे फिरत्या कंपनीच्या पडद्यामागच्या गोंधळाचंच नाटक, वयाच्या शहात्तराव्या वर्षी. आणि २०२५ च्या डिसेंबरात लंडनच्या हॅम्पस्टेड थिएटरात पुन्हा ‘इंडियन इंक’. हे नाटक १९३० च्या हिंदुस्थानात आलेल्या फ्लोरा क्रू या इंग्रज कवयित्रीचं. फ्लोरा हसरी, चावट, आतून आजारी, आणि इथेच मरण पावलेली. १९९५ साली फेलिसिटी फ्लोरा होती. तीस वर्षांनी ती फ्लोराची मागे राहिलेली धाकटी बहीण झाली, इंग्लंडातल्या बागेत पाहुण्यांना चहा आणि केक वाढणारी, हिंदुस्थान मनात घेऊन बसलेली म्हातारी मिसेस स्वॉन. स्टॉपर्ड त्याच्या काही दिवस आधीच, नोव्हेंबरच्या अखेरीस गेले होते. थोरली बहीण चाळीस वर्षांपूर्वी गमावलेली ही बाई एकोणऐंशीव्या वर्षी ते वाक्य न वाक्य कशी बोलली असेल, याचा मी बऱ्याच रात्री विचार केला आहे.

तर बोटीनंतर हे झालं.

एक कर. हंगाम संपला की एका दुपारी बाबांना तो सिनेमा दाखव. फोनवर नको, कुणाकडून तरी मोठा पडदा आण, मंडळातल्या कुणाकडे तरी असेल. ते इंग्रजी कळत नाही म्हणतील. कंपनीच्या मालकाचा चेहरा बघतील तिथे त्यांना सगळं कळेल. शेवटी बोट निघेल तेव्हा तू काही बोलू नकोस, आईला चहा ठेवायला उठू देऊ नकोस, तिघं तिथेच बसा. नंतर काय झालं ते मला लिही.

तुझी,
मावशी